पंडित भगवानलाल इंद्रजी

बोरिवलीजवळच्या एकसर गावात जुने वीरगळ उभे आहेत. त्यांवर हत्ती, सैनिक आणि वल्ह्यांची लढाऊ गलबते कोरलेली आहेत. असे दगड गावोगाव शेंदूर लावून देव म्हणून पुजले जातात, आणि लेणी म्हटली की ती पांडवांनी एका रात्रीत खोदली असे सर्रास सांगितले जाते. या दगडांना बोलते करणारे एक थोर विद्वान गेल्या शतकाच्या आधीच्या शतकात मुंबईत होऊन गेले. ते पंडित भगवानलाल इंद्रजी.

त्यांचा जन्म १८३९ साली जुनागड येथे झाला. गावालगत गिरनारच्या पायथ्याशी अशोकाचा शिलालेख. प्रिन्सेपने लावलेल्या अक्षरांचा तक्ता मिळवून त्यांनी तो लहान वयातच वाचावयास घेतला. इंग्रजी शिक्षण बेताचेच. १८६१ साली डॉ. भाऊ दाजी लाड यांनी त्यांना मुंबईस बोलावून घेतले. भाऊंसाठी ते लेख उतरून आणीत देशभर हिंडले, थेट नेपाळपर्यंत गेले. १८७४ साली भाऊ वारले, तरी पंडितजींनी काम सोडले नाही.

वसईच्या पलीकडे सोपारा येथे एक टेकाड होते. लोक त्याला बुरुड राजाचा कोट म्हणत. १८८२ साली पंडितजींनी ते खोदले. आत ना राजा निघाला ना कोट. निघाला तो विटांचा बौद्ध स्तूप. मधोमध दगडी पेटी, तीत तांब्याचा करंडा, भोवती आठ लहान मूर्ती. करंड्यात करंडा असे उघडत जाता शेवटी सोन्याचा करंडा आणि त्यात मातीच्या भांड्याच्या बारीक खापऱ्या! त्या बुद्धाच्या भिक्षापात्राच्या असाव्यात असे पंडितजींचे मत. राजाचे नाव लोकांनी चुकीचे सांगितले खरे, पण ते टेकाड साधे नव्हे एवढे त्यांनी शेकडो वर्षे ध्यानात ठेवले होते, हेही थोडे नव्हे. त्याच वर्षी तेथे अशोकाच्या आठव्या आज्ञेचा तुकडाही मिळाला. करंडे मुंबईच्या एशियाटिक सोसायटीकडे गेले.

त्यांच्या आयुष्यातील एक गोष्ट देवळाचे काम काढणाऱ्यांनी अवश्य ऐकावी. मथुरेस शीतलादेवीच्या ओट्याच्या पायऱ्यांत बसविलेला एक दगड त्यांना १८६९ साली दिसला. तो निघाला शकक्षत्रपांच्या काळातील, खरोष्ठी लेखाने भरलेला सिंहस्तंभशीर्ष.

हॉलंडच्या लायडन विद्यापीठाने त्यांना डॉक्टर ही पदवी दिली. १६ मार्च १८८८ रोजी, अवघ्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, ते निवर्तले. आपली नाणी आणि तो मथुरेचा दगड त्यांनी ब्रिटिश म्युझियमला दिला होता. शीतलादेवीची ती पायरी आता लंडनला आहे.