महाभारताचे संवाद लिहिणारे राही साहेब

रविवारी सकाळी आमच्या औरंगाबादच्या मोहल्ल्यात ज्यांच्याकडे टीव्ही, त्यांच्या ओट्यापर्यंत चपलांचा ढीग असायचा. २ ऑक्टोबर १९८८ला ‘महाभारत’ सुरू झालं होतं. संवाद डॉ. राही मासूम रझांचे आहेत, हे आम्हा पोरांना कुठे ठाऊक!

राही साहेब गाझीपूर जिल्ह्यातल्या गंगौलीचे. अलीगढला ‘तिलिस्म-ए-होशरुबा’वर पीएचडी केली, तिथेच उर्दू शिकवली. १९६६ला आपल्या गावावर ‘आधा गाँव’ ही कादंबरी लिहिली. पुढे मुंबईत ‘मिली’, ‘गोलमाल’चे संवाद, ‘मैं तुलसी तेरे आँगन की’साठी फिल्मफेअर.

बी. आर. चोप्रांनी ‘महाभारत’साठी विचारलं, तेव्हा वेळ नाही म्हणून ते नाहीच म्हणाले होते. चोप्रांनी तरी नाव जाहीर करून टाकलं. मग पत्रं आली, की हिंदू लेखक मेले काय, मुसलमान कशाला? चोप्रांनी ती पत्रं सरळ राही साहेबांकडे धाडली. ती वाचल्यावर मात्र त्यांनी होकार कळवला. आपणही गंगेचेच लेक, हे त्यांचं म्हणणं.

त्यातलं ‘पिताश्री’, ‘भ्राताश्री’ हे त्यांनी अब्बाजान, भाईजानच्या चालीवर घडवलं, असं सांगतात. माझे वर्गातले विद्यार्थी हे ऐकून हसतात, मग गप्प होतात.

नंतर दूरदर्शनवर त्यांचं ‘नीम का पेड़’ही आलं. १५ मार्च १९९२ला मुंबईत त्यांचा इंतकाल झाला.