गणितज्ञ ब्लेझ पास्कल

फ्रान्स देशाच्या मध्यभागी, डोंगरांच्या सान्निध्यात क्लेरमाँ नावाचे एक जुने शहर आहे. या शहरात १९ जून १६२३ रोजी ब्लेझ पास्कल याचा जन्म झाला. त्याचे वडील एत्येन पास्कल हे सरकारी अधिकारी असून गणिताचे मोठे व्यासंगी होते. ब्लेझ तीन वर्षांचा असतानाच मातृसुखाला अंतरला. थोरली झिल्बेर्त, धाकटी झाकलीन आणि ब्लेझ या तिन्ही भावंडांचा सांभाळ वडिलांनीच केला. ब्लेझची प्रकृती तोळामासा असे. बुद्धी मात्र विलक्षण तरतरीत होती. मुलांच्या शिक्षणाकडे पुरते लक्ष देता यावे म्हणून १६३१ साली वडील सहकुटुंब पॅरिसला येऊन राहिले. त्यांनी ब्लेझला शाळेत घातले नाही. ते स्वतःच त्याला शिकवू लागले.

प्रथम लॅटिन व ग्रीक या भाषा पक्क्या व्हाव्यात आणि गणिताला त्यानंतरच हात घालावा, असा वडिलांचा निश्चय होता. गणिताची गोडी किती अनावर असते, हे ते स्वानुभवाने जाणत होते. ती गोडी लागली तर मुलगा भाषांकडे पाठ फिरवील, असे त्यांना वाटे. म्हणून त्यांनी घरातील गणिताचे सर्व ग्रंथ कुलूपबंद करून ठेवले आणि मुलासमोर गणिताचा विषय काढू नये, अशी मित्रांना विनंती केली. परंतु मना केलेल्या गोष्टीविषयीच मनुष्याचे कुतूहल अधिक वाढते. भूमिती म्हणजे काय, असे ब्लेझने एकदा वडिलांना विचारले. अचूक आकृत्या काढणे आणि त्यांच्या भागांचे परस्परांशी असलेले प्रमाण शोधणे म्हणजे भूमिती, एवढेच सांगून वडिलांनी तो विषय बंद केला.

तेवढे बीज त्या मुलाला पुरेसे झाले. खेळण्याच्या वेळी तो एकटाच आपल्या खोलीत बसे आणि कोळशाने फरशीवर आकृत्या काढी. शास्त्रीय नावे ठाऊक नसल्यामुळे रेषेला तो दांडा म्हणे आणि वर्तुळाला वाटोळे म्हणे. अशा रीतीने एकेक पायरी चढत तो त्रिकोणाच्या तिन्ही कोनांची बेरीज दोन काटकोनांइतकी असते, या सिद्धांताजवळ येऊन पोहोचला. त्या वेळी त्याचे वय अवघे बारा वर्षांचे होते. एके दिवशी वडील अवचित खोलीत आले आणि तो काय करीत आहे हे पाहून थक्क झाले. त्यांच्या डोळ्यांत आनंदाश्रू उभे राहिले. त्यांनी आपली बंदी मागे घेतली आणि युक्लिडचा भूमितीवरील ग्रंथ मुलाच्या हाती दिला. ही हकीकत झिल्बेर्तने पुढे आपल्या भावाच्या चरित्रात लिहून ठेवली आहे.

त्यानंतर ब्लेझची प्रगती झपाट्याने झाली. वयाच्या सोळाव्या वर्षी त्याने शंकूच्या छेदांविषयी एक निबंध लिहिला. पुढे वडिलांची रूआं येथे करवसुलीच्या कामावर नेमणूक झाली. फ्रान्समध्ये त्या काळी बारा दनिएंचा एक सू व वीस सूंचा एक लिव्हर, अशी नाण्यांची पद्धत होती. आपल्याकडेही १९५७ पर्यंत बारा पैंचा एक आणा व सोळा आण्यांचा एक रुपया, असा हिशेब चाले. असल्या रकमांच्या बेरजा करीत वडिलांना रात्र रात्र जागावे लागे. ते कष्ट पाहून ब्लेझने दातेरी चाकांचे एक गणनयंत्र योजिले. १६४२ मध्ये आरंभिलेले हे काम पुरे करण्यासाठी त्याने अनेक नमुने करून मोडले. जगातील आरंभीच्या गणनयंत्रांत त्याची गणना होते. हवेला वजन असते आणि उंचावर तिचा दाब कमी होतो, हे सिद्ध करण्यासाठी त्याने १६४८ साली आपल्या मेहुण्याकरवी क्लेरमाँजवळच्या डोंगरावर पाऱ्याच्या नळीचा प्रयोग करविला. दाबाच्या परिमाणाला १९७१ साली पास्कल हे नाव देण्यात आले, ते याच कार्याच्या स्मरणार्थ होय.

१६५४ साली पास्कलपुढे एक चमत्कारिक प्रश्न आला. दोन खेळाडू प्रत्येकी बत्तीस मोहरा पणाला लावून खेळत आहेत. जो प्रथम तीन डाव जिंकेल त्याने सर्व चौसष्ट मोहरा घ्याव्यात, असे ठरले आहे. एकाचे दोन डाव झाले, दुसऱ्याचा एक झाला, आणि खेळ तेथेच थांबवावा लागला. आता मोहरांची न्याय्य वाटणी कशी करावी? पास्कलने तुलूझ येथील थोर गणितज्ञ फर्मा यांच्याशी या प्रश्नावर पत्रव्यवहार केला. दोघांच्या विचारांच्या वाटा वेगळ्या होत्या. परंतु उत्तर एकच आले.

ते उत्तर असे समजून घेता येईल. खेळ पुढे चालू राहता, तर आणखी दोन डावांत निकाल खात्रीने लागला असता. पहिल्या खेळाडूच्या विजयाला अ म्हणू आणि दुसऱ्याच्या विजयाला ब म्हणू. दोन डावांचे अअ, अब, बअ आणि बब असे चारच प्रकार संभवतात. त्यांपैकी केवळ बब या एका प्रकारात दुसरा खेळाडू जिंकतो. म्हणून पहिल्याला अठ्ठेचाळीस आणि दुसऱ्याला सोळा मोहरा मिळणे न्यायाचे होय. आता बीजगणिताकडे पाहा. अ अधिक ब या द्विपदाचा वर्ग केला, तर एक अ-वर्ग, दोन अब आणि एक ब-वर्ग असा विस्तार मिळतो. वरील चार प्रकारांची मोजदादही एक, दोन, एक अशीच आहे! द्विपदाला द्विपदाने गुणताना प्रत्येक कंसातून अ किंवा ब यांपैकी एक अक्षर उचलावे लागते. ती निवड किती प्रकारांनी होते, हेच विस्तारातील सहगुणक सांगतात.

द्विपदाचा घन किंवा त्याहून मोठा घात करावयाचा असेल, तर दर वेळी लांबलचक गुणाकार करण्याचे कारण नाही. पुढील अंकांचा त्रिकोण पुरेसा आहे :

१
१ १
१ २ १
१ ३ ३ १
१ ४ ६ ४ १

प्रत्येक ओळीच्या दोन्ही टोकांना एक असतो आणि मधला प्रत्येक अंक वरच्या ओळीतील लगतच्या दोन अंकांची बेरीज असते. तिसऱ्या ओळीत वर्गाचे, चौथीत घनाचे आणि पाचवीत चौथ्या घाताचे सहगुणक मिळतात. म्हणजे घनाच्या विस्तारात अ-घन एकदा, अ-वर्ग गुणिले ब तीनदा, अ गुणिले ब-वर्ग तीनदा आणि ब-घन एकदा येतो.

हा त्रिकोण पास्कलच्या पूर्वीही पूर्वेकडील देशांत ठाऊक होता. दहाव्या शतकात हलायुध या पंडिताने पिंगलाच्या छंदःशास्त्रावरील टीकेत त्याचे वर्णन केले असून त्याला मेरुप्रस्तार असे नाव आहे. वृत्तांचे आठ गण आठवून पाहावेत. तिन्ही अक्षरे गुरू असलेला म हा एक. एक लघू असलेले य, र, त हे तीन. दोन लघू असलेले ज, भ, स हे तीन. आणि तिन्ही लघू असलेला न हा एक. एक, तीन, तीन, एक ही त्रिकोणाची चौथी ओळच होय! इराण व चीन येथील गणितज्ञांनाही हे अंक परिचित होते.

मग पास्कलने नवे ते काय केले? त्याने या त्रिकोणावर एक स्वतंत्र प्रबंध लिहिला. त्याचे गुणधर्म क्रमाने मांडून ते सिद्ध केले. आणि द्विपदाचे घात काढण्यापासून खेळातील वाटणीपर्यंत त्याचे उपयोग दाखवून दिले. नियम चार-पाच ओळींत खरा ठरला म्हणून त्याचे समाधान झाले नाही. एका ओळीत जे खरे आहे ते तिच्या पुढच्या ओळीतही खरे असलेच पाहिजे, असे त्याने दाखविले. पहिल्या ओळीत नियम खरा आहे. म्हणून तो दुसरीत, तिसरीत आणि पुढे न संपणाऱ्या सर्व ओळींत खरा ठरतो.

१६५४ मध्ये लिहिलेला हा प्रबंध लोकांच्या हाती पडला तो १६६५ साली. तोवर पास्कल या जगात उरला नव्हता. त्याच सुमारास इंग्लंडमध्ये तरुण न्यूटनने घातांक अपूर्णांक असतानाही द्विपदाचा विस्तार करण्याची रीत शोधून काढली आणि द्विपद सिद्धांताचे क्षेत्र विशाल केले.

वयाच्या अठराव्या वर्षापासून पास्कलचा एकही दिवस वेदनेवाचून गेला नाही, असे म्हणतात. उत्तरायुष्यात तो धर्मचिंतनाकडे वळला आणि त्याची राहणी अत्यंत साधी झाली. १६६२ साली पॅरिसमध्ये थोड्या भाड्यात बसता येईल अशा घोडागाड्या ठरावीक मार्गांवरून सुरू झाल्या. त्या योजनेत त्याचा पुढाकार होता. त्याच वर्षी त्याने एका गरीब कुटुंबाला आपल्या घरी आसरा दिला होता. त्या कुटुंबातील मुलाला देवी आल्या. आजारी मुलाला हलविणे त्याला धोक्याचे वाटले. म्हणून स्वतः व्याधिग्रस्त असतानाही त्याने आपले घर त्यांना मोकळे करून दिले आणि तो झिल्बेर्तच्या घरी राहावयास गेला. तेथेच १९ ऑगस्ट १६६२ रोजी, वयाच्या एकोणचाळिसाव्या वर्षी, त्याचा अंत झाला.

आज जगभरच्या शाळांत मुले तो त्रिकोण आपल्या वहीत मांडतात. कोळशाने फरशीवर रेघा ओढीत सत्याचा शोध घेणाऱ्या त्या बारा वर्षांच्या मुलाचे नाव त्यामुळे चिरंतन झाले आहे.