हातांकडे पाहणारा कॅमेरा

रॉबर्ट फ्लाहर्टी यांचा जन्म १६ फेब्रुवारी १८८४ रोजी अमेरिकेतील मिशिगन राज्यात झाला. वडील खाणींचा शोध घेत हिंडत. त्यांच्यासमवेत रॉबर्टचे बालपण रानावनांत गेले. १९१० पासून त्यांनी स्वतः खनिजांच्या शोधार्थ कॅनडातील हडसन उपसागराच्या हिममय प्रदेशात मोहिमा काढल्या. १९१३ मध्ये त्यांनी सोबत कॅमेरा नेला. तेथील इनुइट लोकांचे पुष्कळ चित्रण झाले. परंतु १९१६ मध्ये सिगारेटची ठिणगी पडून सुमारे तीस हजार फूट फिल्म जळाली. फ्लाहर्टींना मात्र ते चित्रण विस्कळीतच वाटत होते. पुन्हा जायचे तर एकाच कुटुंबाचे जीवन दाखवायचे, असे त्यांनी ठरवले.

१९२० मध्ये एका फर व्यापारी कंपनीच्या साहाय्याने ते परतले. अलाकारिअल्लाक या शिकाऱ्याने नानूकची भूमिका केली. 'नानूक ऑफ द नॉर्थ' (१९२२) या चित्रपटात नानूक वॉलरसच्या सुळ्याचा सुरा चाटतो. लाळ गोठते आणि पाते धारदार होते. त्या सुऱ्याने हिमाचे ठोकळे कापून तो घुमटाकार इग्लू रचतो. भिंतीत पारदर्शक बर्फाची लादी खिडकी म्हणून बसवतो आणि प्रकाश आत परावर्तित व्हावा म्हणून तिच्या बाजूला हिमाचा ठोकळा उभा करतो. कॅमेरा हे सारे घाई न करता पाहत राहतो.

तथापि सर्वच काही जसेच्या तसे नव्हते. इग्लूच्या आत उजेड पुरेना, म्हणून चित्रणासाठी अर्धा उघडा इग्लू बांधावा लागला. शिकारी तेव्हा बंदुका वापरू लागले होते, तरी भाल्याची जुनी शिकार करून दाखवण्यात आली. लोप पावणारे कौशल्य जतन करण्याची ही तळमळ समजण्याजोगी आहे. परंतु प्रेक्षकांना हे सांगितले गेले नाही, हा आक्षेप रास्तच म्हणावा लागतो.

सामोआ बेटांवरील 'मोआना' (१९२६) मध्ये झाडाची साल सोलून व ठोकून तिचे कापड कसे करतात, हे दिसते. याच चित्रपटाच्या परीक्षणात जॉन ग्रिअर्सन यांनी 'डॉक्युमेंटरी' हा शब्द योजला. पुढे त्यांनीच फ्लाहर्टींना ब्रिटनमधील कारागिरांचे चित्रण करण्यास बोलावले. तेथे फ्लाहर्टींनी कुंभाराचे काम इतके निरखले होते, की त्याचे हात वळण्याच्या किंचित आधी कॅमेरा वळत असे, असे ग्रिअर्सन सांगत.

आयर्लंडच्या ॲरन बेटांवर तर शार्कची शिकार कित्येक वर्षांपूर्वीच बंद पडली होती. 'मॅन ऑफ ॲरन' (१९३४) साठी बेटवासीयांना ती नव्याने शिकावी लागली आणि खवळलेल्या समुद्रात नावा घालाव्या लागल्या. १९३५ मध्ये फ्लाहर्टी म्हैसूरला आले. तेथील एका माहुताचा मुलगा साबू 'एलिफंट बॉय' (१९३७) मुळे जगभर प्रसिद्ध झाला.

२३ जुलै १९५१ रोजी व्हर्माँट राज्यात फ्लाहर्टी यांचे निधन झाले.