जपानचे लोकप्रतिनिधि युकिओ ओझाकी

इ. स. १८९० मध्यें जपानांत प्रतिनिधिगृहाची पहिली निवडणूक झाली. तींत मिये प्रांतांतून युकिओ ओझाकी नांवाचे एकतीस वर्षांचे एक पत्रकार निवडून आले. ही पहिली निवडणूक धरून ते लागोपाठ पंचवीस वेळां निवडून आले व १९५३ पर्यंत, म्हणजे सुमारें त्रेसष्ट वर्षें, त्या सभागृहांत बसले. इतक्या दीर्घ काळांत त्यांच्या वांट्यास मंत्रिपद अगदीं थोडे दिवस आलें. उरलेला बहुतेक सर्व काळ ते विरोधाच्या बांकावर, आणि पुढें पुढें तर अगदीं एकटेच बसलेले दिसतात.

ओझाकींचा जन्म १८५८ सालीं सागामी प्रांतांतील एका खेड्यांत झाला. ते दहा वर्षांचे होत आहेत तोंच तोकुगावा घराण्याची सत्ता लयास गेली आणि जपानांत नव्या युगास प्रारंभ झाला. फुकुझावा युकिचि ह्यांच्या केओ विद्यालयांत त्यांनीं कांहीं काळ विद्याभ्यास केला. विशीच्या सुमारास ते निइगाता येथील एका वृत्तपत्राचे संपादक झाले, आणि १८८२ मध्यें ओकुमा ह्यांनीं काढलेल्या सुधारणावादी पक्षास जाऊन मिळाले. लोकांना राज्यकारभारांत वांटा हवा ही मागणी त्या वेळीं जोरांत होती. १८८७ च्या अखेरीस सरकारनें एक वटहुकूम काढून शेंकडों चळवळ्यांना राजधानींतून हांकून दिलें, त्यांत ओझाकीही होते. ह्या हुकुमानें ते इतके चकित झाले कीं त्यांनीं ‘गाकुदो’ हें टोपणनांव घेतलें. त्यांतील पहिल्या अक्षराचा अर्थच मुळीं आश्चर्यचकित असा आहे. हद्दपारीचा उपयोग त्यांनीं अमेरिका व इंग्लंड पाहण्याकडे केला.

ते परदेशांत असतांच, १८८९ च्या फेब्रुवारींत, सम्राटांनीं प्रजेला राज्यघटना दिली. ‘दिली’ हा शब्द येथें जाणूनबुजून योजिला आहे. मत देण्याचा हक्क वर्षाला १५ येन कर भरणाऱ्या व पंचवीस वर्षांवरील पुरुषांपुरताच होता. शंभरांत जेमतेम एका माणसाला तो मिळाला. शिवाय मंत्री सम्राटांना जबाबदार, प्रतिनिधिगृहाला नव्हेत. मुख्य प्रधान कोण व्हावा हें सात्सुमा व चोशू ह्या दोन प्रांतांचे वृद्ध मुत्सद्दी आपसांत ठरवीत. सभागृह होतें, भाषणें होतीं, मतपेटीही होती. सत्तेची किल्ली मात्र अन्यत्र होती. ती किल्ली लोकप्रतिनिधींच्या हातीं यावी ह्यासाठीं ओझाकींनीं आपलें आयुष्य वेंचलें.

१८९८ मध्यें ओकुमा व इतागाकी ह्यांनीं जपानचें पहिलें पक्षीय मंत्रिमंडळ बनविलें, तेव्हां ओझाकी शिक्षणमंत्री झाले. एका भाषणांत त्यांनीं धनलोभावर टीका करितांना, जपानांत उद्यां प्रजासत्ताक आलें अशी नुसती कल्पना केली, तर अध्यक्षपदासाठीं मित्सुई किंवा मित्सुबिशी ह्या कोट्यधीश पेढ्याच उभ्या राहतील, अशा आशयाचें कांहीं म्हटलें. झालें! प्रजासत्ताकाचा उच्चार म्हणजे राजद्रोह, असा गिल्ला उठला. आश्चर्य असें कीं गिल्ला करणाऱ्यांत त्यांच्याच पक्षांतील प्रतिस्पर्धी गटही होता. ओझाकींनीं राजीनामा दिला; त्यांच्या जागीं कोण ह्यावरून दोन गट भांडले आणि चार महिन्यांचें तें मंत्रिमंडळ कोसळलें. जपानांत पक्ष नाहींत, फक्त टोळ्या आहेत, असें त्यांचें पुढें मत झालें, त्याचें मूळ ह्या अनुभवांत असावें.

१९०३ ते १९१२ पर्यंत ते टोकियोचे महापौर होते. वॉशिंग्टन नगरींत वसंत ऋतूंत फुलणारीं साकुराचीं झाडें त्यांच्याच कारकीर्दींत टोकियोनें भेट म्हणून धाडलीं. पहिलीं २००० झाडें १९१० मध्यें पोंचलीं तीं किडलेलीं निघालीं व जाळावीं लागलीं. तेव्हां १९१२ सालीं ३०२० नवीं पाठविलीं.

त्याच वर्षाच्या अखेरीस खरा प्रसंग आला. सैन्याच्या दोन नव्या पलटणींस मंत्रिमंडळानें पैसा नाकारला म्हणून युद्धमंत्र्यानें राजीनामा दिला, लष्करानें दुसरा मनुष्य दिला नाहीं, आणि मंत्रिमंडळ पडलें. नंतर जनरल कात्सुरा तिसऱ्यांदा मुख्य प्रधान झाले व अडचण आली कीं सम्राटांचें आज्ञापत्र पुढें करूं लागले. ५ फेब्रुवारी १९१३ रोजीं ओझाकींनीं त्यांच्या तोंडावर आरोप केला कीं हे लोक सिंहासनाआड लपून प्रतिपक्षावर राजाज्ञेचे बाण सोडतात. राजधानींत लोक खवळले, सभागृहाभोंवतीं हजारों जमले, आणि आठवड्याभरांत कात्सुरांना पद सोडणें भाग पडलें. परंतु त्यांच्या जागीं सात्सुमाचेच एक ॲडमिरल आले, आणि ओझाकींच्याच पक्षानें त्यांना पाठिंबा दिला! ओझाकी पक्ष सोडून बाहेर पडले.

ओझाकी निर्दोष होते असें मानण्याचें कारण नाहीं. तरुणपणीं चीनशीं युद्ध करावें असें ते आवेशानें सांगत. १९१५ मध्यें जपाननें चीनपुढें एकवीस मागण्या ठेविल्या तेव्हां ते त्या मंत्रिमंडळांत न्यायमंत्री होते. महायुद्धानंतर, १९१९ मध्यें, युरोपांतील उद्ध्वस्त रणभूमि त्यांनीं डोळ्यांनीं पाहिली आणि त्यांचें मन पालटलें. १९२१ मध्यें त्यांनीं आरमार कमी करण्याचा ठराव आणला. त्याच्या बाजूस ३८ मतें पडलीं व विरुद्ध २८५. मग ते देशभर व्याख्यानें देत फिरले.

१९२५ मध्यें पंचवीस वर्षांवरील पुरुषांना मताधिकार मिळाला. मतदार सुमारें तीस लक्षांवरून सवा कोटींवर गेले. त्याच वर्षीं विचारांनाच गुन्हा ठरविणारा शांतिरक्षणाचा कायदाही झाला. एका हातानें दिलें, दुसऱ्यानें काढून घेतलें. १९३२ मध्यें ओझाकींचे १९१३ सालचे सहकारी, मुख्य प्रधान इनुकाइ, नौदलाच्या तरुण अधिकाऱ्यांच्या गोळ्यांस बळी पडले. ओझाकी तेव्हां परदेशांत होते. त्याच वर्षीं लंडनमध्यें त्यांची पत्नीही वारली. १९३७ मध्यें लष्कराच्या राजकारणावर टीका करावयास ते उभे राहिले, तेव्हां मरणापूर्वीं लिहावयाची कविता लिहून त्यांनीं खिशांत ठेविली होती.

१९४२ च्या निवडणुकींत सरकारनेंच पसंतीचे उमेदवार जाहीर केले. हें घटनेविरुद्ध आहे असें ओझाकींनीं जनरल तोजोंना उघड पत्र लिहून कळविलें. एका मित्राच्या प्रचारसभेंत, आजोबांनीं मिळविलेलें नातू घालवितो अशा अर्थाच्या एका जुन्या लोकोक्तीचा त्यांनीं दाखला दिला. त्यावरून सम्राटांच्या अवमानाचा खटला होऊन त्र्यायशीं वर्षांच्या ह्या वृद्धास सुगामोच्या तुरुंगांत नेण्यांत आलें. तरीही मियेच्या मतदारांनीं त्यांना निवडून दिलें. सरकारी उमेदवार ४६६ पैकीं ३८१ जागीं विजयी झाले. बाहेर राहिलेल्या ८५ जणांत ओझाकी होते. खालच्या न्यायालयानें त्यांना शिक्षा सांगितली, पण १९४४ मध्यें, ऐन युद्धांत, सर्वोच्च न्यायासनानें त्यांना निर्दोष ठरविलें. जपानी लोकशाहीचा प्राण त्या काळांतही पुरता गेला नव्हता, ह्याचा ह्याहून चांगला पुरावा प्रस्तुत लेखकास तरी ठाऊक नाहीं.

युद्ध संपलें. १९४६ मध्यें स्त्रियांनीं प्रथमच मत दिलें व ३९ स्त्रिया निवडून आल्या. १९४७ च्या नव्या घटनेनें मंत्रिमंडळ लोकसभेस जबाबदार झालें. परंतु ती घटनाही परकीय सैन्याच्या देखरेखीखालीं आली होती. मतदार तत्त्व न पाहतां ओळख व उपकार पाहून मत देतात, हें ओझाकींचें जुनें गाऱ्हाणें तसेंच राहिलें.

१९५३ च्या निवडणुकींत ते चौऱ्याण्णव वर्षांचे असतां पराभूत झाले. प्रतिनिधिगृहानें त्यांना आपला पहिला सन्माननीय सदस्य केलें. ६ ऑक्टोबर १९५४ रोजीं ते निवर्तले. टोकियोंत लोकसभेसमोर १९६० मध्यें त्यांचें स्मारक उभारण्यांत आलें. तेथील घड्याळाच्या मनोऱ्यास तीन बाजू आहेत, कायदेमंडळ, मंत्रिमंडळ व न्यायमंडळ ह्यांची प्रत्येकीं एक.