सूर्याचे निरीक्षक नायगमवाला

मुलांनो, इंदापूरहून भीमा नदी ओलांडली, की करमाळा तालुका लागतो. तेथील जेऊर गावी २२ जानेवारी १८९८ रोजी खग्रास सूर्यग्रहण दिसले. ते पाहण्यासाठी पुण्याच्या विज्ञान महाविद्यालयातील प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगमवाला उपकरणे घेऊन आले होते. सूर्याभोवतीचे प्रभामंडल त्या काळी केवळ खग्रास ग्रहणातच दिसे. हाती वेळ होता सुमारे दोन मिनिटे! जरा चूक झाली असती, तर सारी मेहनत वाया गेली असती. पण नायगमवालांनी प्रभामंडलाची छायाचित्रे मिळवली. १९३८ साली ते वारले.

२०२३ साली भारताने आदित्य-एल१ हे यान सूर्याच्या अभ्यासासाठी अवकाशात पाठवले. त्यावरील एक दुर्बीण पुण्याच्या शास्त्रज्ञांनी तयार केली. तिने सौरज्वालांची चित्रे टिपली, तीही ग्रहणाची वाट न पाहता! दोन मिनिटांचे ते काम किती पुढे गेले, पाहा!