ना. म. जोशी आणि बांधावर थांबलेला कायदा

मुंबईच्या डिलाईल रोडला ना. म. जोशी मार्ग हे नाव मिळून बराच काळ लोटला. त्या रस्त्याच्या आजूबाजूला ज्या गिरण्या धडधडत होत्या, त्यांच्या जागी आज काचेच्या इमारती उभ्या आहेत. आणि तेथे रोज कामाला जाणाऱ्या तरुणांपैकी किती जणांना हे जोशी कोण ते सांगता येईल, याची शंकाच आहे. ज्या कायद्यासाठी त्यांनी आयुष्याचा मोठा भाग वेचला, तो कामगार नुकसानभरपाईचा कायदा १ जुलै १९२४ रोजी अंमलात आला. २०२४ साली त्याची शताब्दी झाली, तीही फारसा गाजावाजा न होता. म्हणून या माणसाची आणि त्याच्या कामाची ओळख नव्याने करून घेणे अप्रस्तुत ठरू नये.

नारायण मल्हार जोशी यांचा जन्म ५ जून १८७९ रोजी तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यातील गोरेगाव येथे झाला. पुण्यात शिक्षण झाल्यावर सुमारे आठ वर्षे त्यांनी शाळामास्तरकी केली. १९०९ साली ते गोपाळ कृष्ण गोखल्यांच्या भारत सेवक समाजात दाखल झाले. पुण्याच्या सुशिक्षित मवाळांना गिरणगावाची ओळख फारशी नव्हती. जोशींनी मात्र १९११ साली मुंबईत सोशल सर्व्हिस लीगची स्थापना करून रात्रशाळा, वाचनालये आणि सहकारी पतपेढ्या यांचे काम चाळींत नेले. शिक्षकाची सवय त्यांना पुढेही सुटली नाही. आकडे गोळा करावेत, कलमे वाचावीत आणि न कंटाळता तेच तेच पुन्हा सांगत राहावे, ही त्यांची रीत. सभा गाजवणाऱ्या पुढाऱ्यांच्या पंक्तीत ते कधी बसले नाहीत.

१९१९ साली वॉशिंग्टन येथे आंतरराष्ट्रीय मजूर परिषद प्रथमच भरली, तेव्हा हिंदी कामगारांचे प्रतिनिधी म्हणून सरकारने जोशींना पाठविले. कामगारांचा प्रतिनिधी सरकारने नेमावा, हे अनेकांना रुचले नाही. त्या असंतोषातून ३१ ऑक्टोबर १९२० रोजी मुंबईत लाला लजपतराय यांच्या अध्यक्षतेखाली अखिल भारतीय ट्रेड युनियन काँग्रेस जन्माला आली; तिच्या संस्थापकांत जोशी होते आणि पुढे १९२५ पासून ते तिचे सरचिटणीसही झाले. १९२१ पासून १९४७ पर्यंत मध्यवर्ती कायदेमंडळात कामगारांच्या वतीने ते सरकारनियुक्त सभासद म्हणून बसत. पाठीशी मतदारसंघ नाही, हाती पक्ष नाही, आणि सभागृहात समोर सरकार व गिरणीमालक. अशा अवस्थेत पंचवीसएक वर्षे बोलत राहणे किती कष्टाचे असेल याची कल्पना करावी.

त्या काळी यंत्रात हात सापडलेल्या कामगाराला कायद्याने काय मिळे? आपल्याकडे इंग्लंडच्या कायद्याची तत्त्वे चालत. अपघाती मृत्यूनंतर वारसांना दावा करता यावा यासाठी १८५५ चा एक कायदा होता खरा. परंतु मालकाचा निष्काळजीपणा सिद्ध करण्याचा भार दावा करणाऱ्यावर असे. तो भार किती जड होता, हे इंग्लंडमधील १८३७ च्या एका खटल्यावरून ध्यानात येते. एका खाटकाचा नोकर जास्त माल भरलेल्या गाडीवरून जात असता गाडी मोडली आणि त्याची मांडी मोडली. ज्युरीने त्याला शंभर पौंड देववले. वरिष्ठ न्यायालयाने ते नाकारले. येथून एक मत रूढ झाले की सहकाऱ्याच्या चुकीने इजा झाली तर मालक जबाबदार नाही. कामातला धोका नोकराने पत्करलेलाच असतो, हे दुसरे मत. नोकराची स्वतःची थोडीशी चूक असली तरी दावा बुडतो, हे तिसरे. या तीन दारांतून गिरणीमालक सहज निसटत असे. शिवाय वकिलाची फी भरण्याइतका पैसा ज्याच्यापाशी आहे तो कामगार गिरणीत कशाला येईल?

या कोंडीतून बाहेर पडण्याचा मार्ग युरोपात जर्मनीने प्रथम दाखविला. बिस्मार्कने १८८४ साली अपघात विम्याचा कायदा केला. चूक कोणाची, हा प्रश्नच त्याने बाजूला ठेवला. कारखाना चालला की काही हात तुटणारच, तेव्हा तो कारखान्याचाच खर्च, आणि तो एकेका मालकाने न सोसता त्या धंद्यातील सर्व मालकांनी मिळून सोसावा, असा त्याचा हिशेब होता. बिस्मार्कला कामगारांचा कळवळा होता असे कोणी म्हणणार नाही. समाजवाद्यांच्या पायाखालची जमीन काढून घेणे हा त्याचा हेतू उघड होता. पण अर्थशास्त्राच्या दृष्टीने त्याचा हिशेब बिनचूक होता. इंग्लंडने १८९७ साली दोषाचा प्रश्न सोडला. मात्र विमा न आणता दायित्व एकेका मालकावरच ठेवले. अमेरिकेत न्यूयॉर्क राज्याने १९१० साली केलेला असा कायदा तेथील न्यायालयाने २४ मार्च १९११ रोजी घटनाबाह्य ठरविला. दुसऱ्याच दिवशी न्यूयॉर्कमधील ट्रँगल शर्टवेस्ट कारखान्याला आग लागून १४६ माणसे, बहुतेक तरुण मुली, मृत्युमुखी पडल्या. त्यानंतर तेथील लोकमत पालटले.

आपला १९२३ चा कायदा इंग्लंडच्या वळणाचा होता. नोकरीमुळे आणि नोकरीच्या ओघात अपघात झाला, एवढे दाखविले की पुरे. मालक चुकला होता हे दाखवावे लागत नाही. या एका वाक्यात जुन्या कायद्याची तिन्ही दारे बंद झाली. रक्कम ठरविण्यासाठी न्यायाधीशाच्या दयेवर अवलंबून राहायला नको म्हणून कोष्टक दिले गेले. उजवा हात कोपरापासून गेला तर मिळकतीची शक्ती ७० टक्के गेली असे धरावे, डावा गेला तर ६०. एक डोळा ३०, अंगठा २५, तर्जनी १०, इतर कोणतेही बोट ५. (डावखुऱ्यांचा विचार कोष्टक करणाऱ्यांना सुचला नसावा.) महिना तीस रुपये कमावणाऱ्याचा अंगठा तुटला, तर बेचाळीस महिन्यांच्या पगाराचे पंचवीस टक्के म्हणजे ३१५ रुपये. तो मेला, तर वारसांना तीस महिन्यांचा पगार, म्हणजे ९०० रुपये. कायमचा निकामी होऊन जगला, तर १२६० रुपये. अज्ञान मुलगा मेला, तर सरसकट २०० रुपये. मेलेला कामगार लुळ्या कामगारापेक्षा स्वस्त, हा या कोष्टकाचा अर्थ. आणि तो आजवर टिकून आहे. मृत्यूसाठी पगाराच्या पन्नास टक्क्यांना आणि संपूर्ण अपंगत्वासाठी साठ टक्क्यांना वयाप्रमाणे ठरलेल्या अंकाने गुणतात.

रकमा तुटपुंज्या होत्या. तात्पुरत्या इजेत पहिले दहा दिवस काहीच मिळत नसे. जोशींना हे दिसत नव्हते असे नाही. परंतु आधी तत्त्व मान्य करून घ्यावे, रकमा मागाहून वाढवता येतात, अशी त्यांची चाल होती. या चालीचीच किंमत त्यांना १९२९ साली नागपुरात मोजावी लागली. सरकारने नेमलेल्या व्हिटले आयोगावर ट्रेड युनियन काँग्रेसने बहिष्कार घालावा की नाही, यावर जवाहरलाल नेहरूंच्या अध्यक्षतेखालील त्या अधिवेशनात फूट पडली. जोशी आयोगाचे सभासद होते; ते आणि त्यांचे सहकारी बाहेर पडले आणि त्यांनी वेगळा संघ काढला. सरकारशी हातमिळवणी केल्याचा आरोप त्यांच्यावर पुष्कळ काळ होत राहिला. माझ्या मते तो आरोप एकांगी होता. आयोगाच्या अहवालानंतर १९३३ साली कायद्यात दुरुस्ती होऊन रकमांची नवी कोष्टके आली आणि प्रतीक्षेचे दहा दिवस सातावर आले. सहकाऱ्याच्या चुकीचे ते जुने मत दिवाणी दाव्यांतूनही काढून टाकावे, अशी शिफारस त्याच आयोगाने केली होती. १९३८ साली तसा कायदा झाला. बहिष्काराने यांपैकी काय साधले असते, हे त्या काळच्या टीकाकारांनी सांगितले नाही.

१९४० मध्ये जोशी पुन्हा ट्रेड युनियन काँग्रेसचे सरचिटणीस झाले, आणि भारत सेवक समाज त्यांनी त्याच वर्षी सोडला. स्वातंत्र्याच्या सुमारास पहिल्या वेतन आयोगावर त्यांनी काम केले. कामगार राज्य विम्याचा कायदा १९४८ साली झाला व १९५२ पासून तो अंमलात येऊ लागला, म्हणजे बिस्मार्कची कल्पना निदान कारखान्यांपुरती आपल्याकडे पोचलेली त्यांनी पाहिली. ३० मे १९५५ रोजी त्यांचे निधन झाले.

त्यांच्या हयातीत आणि त्यानंतरही न झालेली एक गोष्ट मात्र आम्हा चांदवडकरांच्या डोळ्यांसमोर रोज आहे. जर्मनीचा अपघात विमा कारखान्यांपाठोपाठ दोनच वर्षांनी, १८८६ साली, शेतीला लागू झाला. इंग्लंडने १८९७ च्या कायद्यात शेतमजुरांना वगळले होते. १९०० साली त्यांना आत घेतले. १९२१ साली आंतरराष्ट्रीय मजूर परिषदेने ठरावच केला की, नुकसानभरपाईचे कायदे शेतीतील मजुरांनाही लागू व्हावेत. भारताने त्या कराराला मान्यता दिली नाही. येथून पंचवीसेक किलोमीटरवर मनमाडला रेल्वेचा जुना कारखाना आहे. रेल्वेचा नोकर १९२४ पासून कायद्याच्या छत्राखाली आहे. चांदवडच्या शिवारात कांदा कापणारी किंवा विहिरीवर काम करणारी बाई मात्र अजून बाहेरच आहे.

कायद्याच्या यादीत शेतीचा उल्लेखच नाही असे नव्हे. ट्रॅक्टरने किंवा विजेच्या यंत्राने होणारी शेती, यंत्राची मळणी, कीटकनाशकांची फवारणी ही कामे कालांतराने यादीत आली. मळणी यंत्रात हात गेलेल्या मजुराला दावा सांगता येतो. परंतु निंदणी करताना साप चावला, रात्रीच्या विजेवर पाणी भरताना पाय घसरून विहिरीत पडला, तर त्याचे काम यादीत बसवणे अवघड. आणि बसले तरी दावा सांगायचा कोणावर? तीन एकरांच्या, सोसायटीचे कर्ज डोक्यावर असलेल्या शेतकऱ्यावर? त्याने विमा काढलेला नसतो. भरपाईचा हुकूम झाला तर त्याची जमीन जाईल, आणि वसुली होईलच असे नाही. मजूर आणि मालक दोघेही एकाच आळीत राहतात. बहुधा दावा होतच नाही.

शासनाने येथे एक वेगळा रस्ता धरला आहे. गोपीनाथ मुंडे यांच्या नावाच्या योजनेत शेतकऱ्याच्या अपघाती मृत्यूबद्दल दोन लाख रुपये मिळतात. सर्पदंश, विजेचा धक्का, बुडणे हे सारे त्यात येते, आणि दोष कोणाचा हे कोणी विचारत नाही. तत्त्व जोशींचेच. पण लाभ सातबाऱ्यावर नाव असलेल्या खातेदाराला आणि त्याच्या कुटुंबातील एका व्यक्तीला. एकाच विहिरीत मालक बुडाला तर दोन लाख, भूमिहीन मजूर बुडाला तर त्याच्या घरच्यांना या योजनेतून काहीही नाही. वर्षाला वीस रुपये भरून बँकेतून काढायचा अपघात विमा आहे, हे खरे. परंतु तो मजुराने स्वतःच्या खिशातून आणि स्वतःच्या आठवणीने काढायचा. धंद्याचा धोका धंद्याने सोसावा, हे तत्त्व त्यात उरत नाही.

न्यूझीलंडने १९७४ पासून कामावरचा, रस्त्यावरचा, घरातला असा भेदच काढून टाकला आणि प्रत्येक जखमी माणसाला एका निधीतून भरपाई सुरू केली. तेवढी झेप आपल्याला आज परवडणार नाही, असे म्हटले तरी चालेल. पण एक मार्ग घरचाच आहे. १९६९ च्या महाराष्ट्राच्या माथाडी कायद्याने हमालाचा एकच मालक शोधण्याचा नाद सोडला; व्यापारी मजुरीवर ठरलेली लेव्ही मंडळाकडे भरतात आणि त्यातून हमालाचे संरक्षण होते. कांद्याची गोणी उचलणाऱ्यासाठी जे करता आले, ते कांदा कापणारीसाठी का करता येऊ नये? बाजार समितीच्या आवारात येणाऱ्या प्रत्येक क्विंटलवर थोडी लेव्ही बसवावी, ती खरेदीदाराकडून घ्यावी, आणि तीतून तालुक्यातील नोंदलेल्या शेतमजुरांचा अपघात विमा उतरवावा. नोंदणी ग्रामपंचायतीत व्हावी; रोजगार हमीची नोंद तेथे होतेच. क्विंटलमागे किती पैसे पुरतील, हा हिशेब चांदवड, लासलगाव आणि पिंपळगावच्या बाजार समित्यांनी आपापल्या आवकेवरून मांडून पाहावा.