सावेदादांची चित्रे गेली कोठे?

ग्वाल्हेरच्या फूलबागेत राणी लक्ष्मीबाईंची समाधी आहे. १८५८ च्या जूनमध्ये राणीसाहेब धारातीर्थी पडल्या तेव्हा चलच्चित्राचा शोध लागावयाचा होता. त्यांचे शौर्य आपण पाहतो ते पोवाड्यांतून आणि समाधीपाशी उभ्या असलेल्या अश्वारूढ पुतळ्यातून. त्यास इलाज नव्हता. परंतु पुढे चाळीस वर्षांनी साधन उपलब्ध झाले, एका मराठी माणसाने ते वापरले, आणि तरीही त्याने टिपलेले आज आपल्यापाशी नाही. ही गोष्ट मात्र मनाला लागते.

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा हे ते गृहस्थ. जन्म १८६८ चा. व्यवसाय मुंबईत छायाचित्रणाचा. १८९६ च्या जुलैत ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे वॉटसन हॉटेलात आली आणि सावेदादांना त्यांचा ध्यास लागला. त्यांनी लंडनहून २१ गिनींचा कॅमेरा मागविला. पाठीशी ना सरकार, ना कंपनी. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या मल्लांची कुस्ती त्यांनी चित्रित केली. येथे सोय नसल्याने फीत धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागली. दुसरे चित्र माकडांना शिकविणाऱ्याचे. फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ येण्यास अजून चौदा वर्षांचा अवकाश होता!

१९०१ च्या डिसेंबरात मुर्डीचे सुपुत्र रँग्लर रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे केंब्रिज गाजवून मायदेशी परतले. त्यांचे स्वागत सावेदादांनी टिपले. १९०३ मध्ये त्यांनी कर्झनसाहेबांचा दिल्ली दरबारही चित्रित केला. परंतु आमच्या मते त्यांचे खरे मोठेपण दरबारात नाही. दरबाराची चित्रे घेणारे परदेशी पुष्कळ होते. आखाड्यातला मल्ल आणि कोकणचा विद्वान चित्रणास योग्य आहेत, हे ओळखणारा आपला माणूस एकच होता. पारतंत्र्यात आपलीच माणसे आपल्या लोकांना पडद्यावर दाखविणे, ही लहान गोष्ट नव्हे.

१९५८ मध्ये सावेदादा निवर्तले. त्यांचे नाव राहिले, चित्रे राहिली नाहीत. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ मध्ये. आणि २००३ च्या आगीत तेथील जुन्या ज्वालाग्राही फितींचा मोठा ठेवा भस्मसात झाला.

दोष केवळ सरकारचा म्हणून आपण मोकळे होऊ शकत नाही. आमच्या या किनाऱ्यावर दमट हवा फितीची वैरीण आहे. डब्यातून आंबूस वास येऊ लागला की तिचे दिवस भरत आले असे समजावे. माळ्यावरच्या ट्रंकेत कोणाच्या आजोबांनी टिपलेली जत्रा असेल, मिरवणूक असेल, आज न उरलेला एखादा धक्का असेल. ते डबे भंगारवाल्याच्या तराजूत जाण्यापूर्वी जाणकारास दाखवावेत. सावेदादांची फीत आपण आता परत आणू शकत नाही. निदान पुढची तरी गमावू नये, एवढेच आमचे वाचकांना सांगणे आहे.